कोर्टाचा आदेश हातात आहे, पण पाळला जात नाही: अवमान आणि अंमलबजावणीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंदूर, देवास, उज्जैन, धार इथल्या मराठी घरांतून येणाऱ्या प्रश्नांत एक तक्रार हमखास असते: "केस जिंकलो, पण हाती काहीच आलं नाही." आदेश मिळवणं आणि तो पाळून घेणं ही दोन वेगळी कामं आहेत, आणि दुसऱ्या कामाची हत्यारंही वेगळी असतात. चुकीचं हत्यार उचलल्यामुळे वर्ष वाया गेलेली माणसं फार दिसतात, म्हणून हे पान. कायदे देशभर सारखेच आहेत. इंदूर खंडपीठाशी संबंधित बाबी त्या त्या उत्तरात दिल्या आहेत.

१. कोर्टाचा अवमान म्हणजे न्यायाधीशांना उलट बोलणं का?

तो फक्त एक प्रकार झाला. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ मध्ये दोन प्रकार सांगितले आहेत. आदेश, हुकूमनामा (डिक्री, म्हणजे दाव्याच्या निकालाचा हुकूम) किंवा निर्देश हेतुपुरस्सर मोडणं, किंवा कोर्टाला दिलेली हमी मोडणं, हा दिवाणी अवमान. कोर्टाची बदनामी करणं, चालू खटल्यात ढवळाढवळ करणं, न्यायाच्या कामात अडथळा आणणं, हा फौजदारी अवमान. तुमचा आदेश समोरचा पाळत नसेल तर तो दिवाणी अवमानाचा विषय. या पानावर मुख्यतः त्याबद्दलच लिहिलं आहे. फौजदारी अवमान प्रश्न २१ मध्ये.

२. आमच्या कागदांवर 'अवमानना', 'इजरा', 'स्थगन' असे शब्द आहेत. मराठीत यांना काय म्हणतात?

जिल्हा न्यायालयातलं काम हिंदीत आणि हायकोर्टातलं इंग्रजीत चालतं, त्यामुळे हा घोळ होतो. 'अवमानना याचिका' म्हणजे अवमान याचिका. 'निष्पादन' किंवा 'इजरा' म्हणजे महाराष्ट्रात ज्याला दरखास्त म्हणतात ते, हुकूमनाम्याची बजावणी. 'स्थगन' म्हणजे स्टे. 'तामीली' म्हणजे नोटीस बजावणी, 'पेशी' म्हणजे तारीख, 'नामांतरण' म्हणजे फेरफार. पुण्या-मुंबईच्या नातेवाइकाला फोनवर माहिती देताना निदान 'इजरा' आणि 'अवमानना' यांची अदलाबदल करू नका, कारण दोन्हींचे रस्ते आणि मुदती वेगळ्या आहेत.

मराठी कागद (जुनं वाटणीपत्र, पत्रव्यवहार) जोडायचा असेल तर सोबत हिंदी किंवा इंग्रजी भाषांतर द्यावं लागतं. शपथपत्र इंग्रजीत असेल आणि तुम्हाला इंग्रजी येत नसेल, तर 'मजकूर वाचून समजावून सांगितला' अशी नोंद त्यावर आहे ना, हे बघूनच सही करा.

३. अवमान याचिका कुठे दाखल होते?

ज्या हायकोर्टाने आदेश दिला त्याच हायकोर्टात. मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचं मुख्य पीठ जबलपूरला आहे, खंडपीठं इंदूर आणि ग्वाल्हेरला. इंदूर, उज्जैन, देवास, धार, रतलाम, खरगोन, बडवानी हे जिल्हे इंदूर खंडपीठाखाली येतात. खंडवा आणि बऱ्हाणपूर मात्र जबलपूरकडे आहेत. इंदूर जवळ म्हणून बऱ्हाणपूरची मंडळी कागद घेऊन इथे येतात आणि परत जातात, म्हणून मुद्दाम सांगितलं.

जिल्हा न्यायालय किंवा कुटुंब न्यायालय या अधिनियमाखाली स्वतः शिक्षा देत नाही. त्यांच्या आदेशाच्या अवमानाबद्दल कलम १० प्रमाणे अधिकार हायकोर्टाला आहे. पण खालच्या कोर्टाचा आदेश असेल तर आधी प्रश्न ४ वाचा. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाचा अवमान तिथेच चालतो. संविधानातलं कलम १२९ सर्वोच्च न्यायालयासाठी, कलम २१५ हायकोर्टांसाठी.

४. आदेश पाळला नाही म्हणजे सरळ अवमान याचिका टाकायची ना?

नाही. सगळ्यात महाग पडणारी चूक हीच. अवमानाची कारवाई मुळात कोर्ट आणि आदेश मोडणारा यांच्यातली असते. तुमची वसुली करून देणं, ताबा देणं हे तिचं काम नाही. त्यासाठी कायद्यात सरळ रस्ता असेल तर हायकोर्ट बहुतेक वेळा तिकडेच पाठवतं, आणि तोवर सहा-आठ महिने निघून गेलेले असतात.

पैशाचा, ताब्याचा किंवा कायम मनाईचा हुकूमनामा असेल तर दरखास्त (इजरा) टाका. पैसे किंवा ताब्यासाठी मुदत १२ वर्षांची आहे. 'अमुक गोष्ट करून द्या' अशा आदेशात्मक हुकूमनाम्यासाठी मात्र फक्त ३ वर्षं, आणि हे फार जणांना माहीत नसतं. कायम मनाईला मुदत नाही. दावा चालू असताना मिळालेला तात्पुरता मनाई हुकूम मोडला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली त्याच कोर्टात अर्ज (प्रश्न १४). पोटगी, ग्राहक आयोग, रेरा (बिल्डरांवर देखरेख करणारं प्राधिकरण) यांचे रस्ते प्रश्न १६ आणि १८ मध्ये.

अवमान याचिका खरी उपयोगी पडते ती हायकोर्टाच्या रिट आदेशांसाठी, म्हणजे सरकारी खात्यांना दिलेल्या निर्देशांसाठी: पेन्शन द्या, सेवेत परत घ्या, अर्जावर ६० दिवसांत निर्णय द्या, जमिनीची मोजणी करा. इथे दरखास्तीसारखी सोय सहसा नसते.

"दरखास्त म्हणजे आणखी दहा वर्षं" ही भीती निराधार नाही. पण २२ एप्रिल २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राहुल शाह प्रकरणात दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी असं सांगितलं आहे. तारखांवर तारखा पडू लागल्या की लवकर सुनावणीच्या अर्जात या निकालाचा उल्लेख जरूर करा.

५. आदेश आठ पानांचा आहे. त्यातलं नेमकं काय पाळायचं असतं?

शेवटचा, निर्देश देणारा भाग. आधीच्या पानांवर कोर्टाने तुमच्या बाजूने कितीही चांगलं लिहिलेलं असो, अवमानात तोलला जातो तो शेवटचा परिच्छेद. कोणी करायचं, काय करायचं, किती दिवसांत आणि दिवस कधीपासून मोजायचे, या चार गोष्टी पेन्सिलीने अधोरेखित करा. पुष्कळ आदेशांत मुदत 'या आदेशाची सहीशिक्क्याची नक्कल सादर केल्यापासून' अशी असते. म्हणजे तुम्ही नक्कल नेऊन दिलीच नाही, तर घड्याळ सुरूच होत नाही.

अवमानाचं कोर्ट मूळ आदेशात नसलेली गोष्ट देऊ शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा पुन्हा सांगितलं आहे. थकबाकी द्या म्हटलं असेल आणि व्याजाबद्दल काहीच नसेल, तर व्याज अवमानात मागता येत नाही. आदेशात आकडा किंवा सर्व्हे नंबर चुकला असेल, तर दुरुस्तीचा अर्ज आधी करा. त्या चुकीच्या आड समोरचा आरामात लपतो.

६. आदेश त्यांच्यापर्यंत पोचला हे कसं सिद्ध करायचं?

अवमान सिद्ध व्हायला समोरच्याला आदेश माहीत होता हे दाखवावंच लागतं. रीतसर बजावणी झाली नसली तरी माहिती होती एवढं पुरतं. उदाहरणार्थ आदेश झाला तेव्हा त्यांचे वकील हजर होते आणि तशी नोंद आहे.

सरकारी कार्यालयात हे असं करा. सहीशिक्क्याच्या नकलेसोबत एक पानी अर्ज तयार करा: प्रकरण क्रमांक, आदेशाची तारीख, पालनाची मुदत, तुमचा पत्ता. अर्जाच्या दोन प्रती आवक खिडकीवर न्या. एक त्यांच्याकडे राहील. दुसरीवर गोल शिक्का, आवक क्रमांक, तारीख आणि घेणाऱ्याची सही घ्या. नुसता शिक्का आणि पेनाची एक रेघ असेल तर तिथेच थांबून आवक क्रमांक लिहून मागा. पुढे "आमच्या रजिस्टरला नोंद नाही" म्हणतात, तेव्हा तो क्रमांकच कामी येतो. त्याच दिवशी तोच संच स्पीड पोस्टाने पाठवा, आणि संकेतस्थळावर 'वितरित' दिसलं की त्या पानाची छपाई काढून ठेवा. ती माहिती तिथे कायम राहत नाही. ई-मेलही करा. पोस्टाची पावती थर्मल कागदाची असते, काही महिन्यांत कोरी पडते. तिची झेरॉक्स लगेच काढा.

नक्कल शक्यतो स्वतः किंवा ओळखीच्या माणसाकडून द्या. "वकीलसाहेबांच्या मुनशीने दिली असेल" या भरवशावर मुदती गेलेल्या आहेत.

७. अवमान याचिकेला मुदत किती? आणि कधीपासून मोजायची?

एक वर्ष, कलम २०. आदेशाच्या तारखेपासून नव्हे, अवमान घडला त्या तारखेपासून. समजा आदेशात 'नक्कल सादर केल्यापासून ६० दिवसांत' असं आहे आणि तुम्ही नक्कल २० जानेवारी २०२५ ला दिली. साठावा दिवस २१ मार्च. पालन झालं नाही तर २२ मार्चपासून अवमान सुरू, आणि वर्ष तिथून मोजायचं. शेवटच्या आठवड्यापर्यंत थांबू नका: याचिकेत त्रुटी निघतात, आणि त्या दूर करण्यात दिवस जातात. पल्लव शेठ प्रकरणात (२००१) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला तर पुरे. कोर्टाने नोटीस नंतर काढली तरी चालतं.

तीन खड्डे सांगून ठेवतो. स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने वर्ष लांबत नाही. "ते आजही पाळत नाहीत, म्हणजे अवमान रोजच घडतोय" हा युक्तिवाद सहसा टिकत नाही. चालू राहणारा अपराध आणि एकदा घडलेल्या अपराधाचे चालू राहणारे परिणाम यांत सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्येही फरक केला आहे. आणि आदेशात मुदतच नसेल तर 'वाजवी काळ' किती यावर वाद होतो, म्हणून अशा आदेशाची नक्कल लगेच द्या आणि वर्ष त्याच महिन्यापासून धरून चाला.

८. याचिकेला काय काय जोडायचं?

आदेशाची सहीशिक्क्याची नक्कल, ती पोचल्याचे पुरावे (प्रश्न ६), पालन झालं नाही हे दाखवणारा कागद आणि शपथपत्र. त्यांनी काही उत्तर दिलं असेल तर ते गैरसोयीचं असलं तरी जोडा. लपवलेलं पत्र पुढच्या पेशीला समोरूनच येतं, आणि मग कोर्टाचा रोख तुमच्याकडे वळतो. याचिकेत आदेशाची मूळ ओळ जशीच्या तशी उतरवून तिच्याखाली काय झालं नाही ते लिहा. तुमच्यावर झालेल्या अन्यायाचा सगळा इतिहास इथे नको, तो मूळ याचिकेत येऊन गेलेला असतो.

९. नाव कोणाचं टाकायचं? साहेबांची तर बदली झाली.

अवमानात व्यक्ती नावानिशी लागते; 'मध्य प्रदेश शासन' एवढं लिहून भागत नाही. ज्या पदावर पालनाची जबाबदारी आहे तिथे मुदत संपली त्या दिवशी कोण होतं ते शोधा, विभागाच्या संकेतस्थळावरून किंवा माहिती अधिकाराने. बदली झाली असेल तर सध्याच्या अधिकाऱ्याला नावानिशी पत्र देऊन आदेश कळवा, म्हणजे त्यांनाही 'माहीत नव्हतं' म्हणता येणार नाही. मंत्रालयापासून पटवाऱ्यापर्यंत सगळ्यांना गोवू नका. ज्याच्या हातात सही नाही त्याचं नाव वगळलं जातं, आणि त्यात तारखा जातात.

कंपनी किंवा गृहनिर्माण संस्था असेल तर त्या वेळी कारभार पाहणारी व्यक्ती जबाबदार धरली जाते. हे कलम १२ मध्येच आहे.

१०. अधिकाऱ्याला कोर्टात उभं करता येतं का?

येतं, पण दर वेळी नाही. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांच्या हजेरीबद्दल कार्यपद्धती ठरवून दिली. तिच्यानुसार व्यक्तिशः बोलावणं हा अपवाद, बोलावायचंच तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सचा पर्याय. हजेरीसाठी हट्ट धरण्यापेक्षा 'पालन अहवाल शपथपत्रावर द्या' ही मागणी जास्त कामाची. शपथपत्रावर खोटं लिहिणं कोणालाही जड जातं.

११. शिक्षा काय होते?

सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दिवाणी अवमानात कायद्याचा कल आधी दंडाकडे आहे. दंड पुरणार नाही असं कोर्टाला वाटलं तर दिवाणी कारागृहात ठेवता येतं. दंड सरकारजमा होतो, तुम्हाला मिळत नाही. तुमच्या कामाची गोष्ट निराळी आहे: बहुतेक प्रकरणांत नोटीस निघाल्यावर, शिक्षेच्या आधीच पालन होतं. आदेश मोडून मिळवलेला फायदा काढून घेऊन आधीची स्थिती परत आणण्याचे निर्देशही कोर्ट देऊ शकतं.

१२. समोरचा म्हणतो पैसेच नाहीत. तरी अवमान होतो का?

'हेतुपुरस्सर' हा शब्द इथे निर्णायक आहे. जमतच नव्हतं, की जमत असून केलं नाही? खरी असमर्थता, आदेशाचा प्रामाणिकपणे वेगळा अर्थ लागणं, दुसऱ्या खात्याच्या मंजुरीअभावी अडकणं, यांत अवमान सिद्ध होणं कठीण. पण पैसे नाहीत म्हणणाऱ्याने त्याच काळात गाडी घेतली, फ्लॅट भावाच्या नावे केला, असे कागद तुम्ही दाखवलेत तर चित्र पालटतं. अवमानाचा पुरावा फौजदारी खटल्याइतका पक्का लागतो. नुसत्या संशयाने काम होत नाही.

१३. "आम्ही अपील केलंय" म्हणून ते पाळत नाहीत. बरोबर आहे का?

अपील दाखल झालं म्हणजे स्टे मिळाला असं होत नाही. वरच्या कोर्टाने स्थगिती दिलेली नसेल तर आदेश पाळावाच लागतो. अपवाद लक्षात ठेवा: अपिलासोबत स्टेचा अर्ज प्रलंबित असेल तर अवमानाच्या आधी तो ऐकला जावा, असं सर्वोच्च न्यायालयाने म्हटलेलं आहे. म्हणून त्या अर्जाची सुनावणी लवकर व्हावी यासाठी तुम्हीच प्रयत्न करा, टाळू नका.

जिंकल्याबरोबर कॅव्हेट ('आम्हाला ऐकल्याशिवाय स्टे देऊ नका' असा आगाऊ अर्ज) टाकून ठेवणं शहाणपणाचं. ती ९० दिवस चालते. इंदूर खंडपीठाच्या एकल न्यायाधीशांच्या रिट आदेशावर द्विसदस्यीय पीठापुढे रिट अपील होऊ शकतं, आणि कॅव्हेट असेल तर तुम्हाला न ऐकता स्टे मिळणं अवघड होतं.

उलट बाजूही बघा. "सहा महिने झाले की स्टे आपोआप उठतो" हे २०१८ च्या निकालावरून अजून सांगितलं जातं. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने तो नियम रद्द केला. स्टे उठवायचा तर अर्ज करूनच उठवावा लागतो.

१४. मनाई हुकूम असताना शेजाऱ्याने भिंत बांधली, किंवा भावाने हिस्सा विकून टाकला. आता?

पहिले दोन दिवस पुराव्याचे. तारीख-वेळ दिसेल असे फोटो काढा: एक लांबून, ज्यात शेजारची ओळखता येणारी खूण (विजेचा खांब, दुकानाची पाटी) येईल, आणि एक जवळून, ओल्या सिमेंटचा. लांबच्या फोटोने जागा ठरते, ओल्या सिमेंटने काळ ठरतो. 'भिंत जुनीच आहे' या बचावावर याहून चांगलं उत्तर नाही. शक्य असेल तर कोर्टाकडे कमिशनर नेमून पाहणी करण्याचा अर्ज लगेच द्या.

मग आदेश ३९ नियम २-अ चा अर्ज, ज्या कोर्टाने मनाई दिली तिथेच. दोषी ठरला तर मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कारागृह होऊ शकतो. पोलीस "दिवाणी मामला आहे" म्हणून परत पाठवत असतील तर त्याच कोर्टाकडे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा आदेश मागा. कायम मनाईचा हुकूमनामा मोडला असेल तर आदेश २१ नियम ३२. त्यात कोर्ट बांधकाम दुसऱ्याकडून काढवून खर्च समोरच्यावर टाकू शकतं.

विक्रीचं म्हणाल तर दाव्यात असलेली मिळकत घेणारा दाव्याच्या निकालाला बांधलेला असतो, शिवाय मनाई मोडून केलेला व्यवहार कोर्ट विकणाऱ्याच्या फायद्याचा ठरू देत नाही. खरेदीदाराला लगेच लेखी कळवा. मनाई माहीत असूनही जो मोडायला मदत करतो, तो दाव्यात पक्षकार नसला तरी अडचणीत येऊ शकतो.

१५. भाडेकरूने कोर्टात 'सहा महिन्यांत जागा सोडतो' म्हटलं होतं. सोडली नाही. हा अवमान का?

कसं म्हटलं होतं त्यावर आहे. कोर्टाला उद्देशून हमी (हिंदीत 'वचनपत्र') दिली आणि कोर्टाने ती नोंदवून घेतली असेल, तर ती मोडणं हा अवमान, मग त्याच तडजोडीची दरखास्त करता येत असली तरीही. पण दोघांनी आपसात तडजोड लिहून दिली आणि कोर्टाने फक्त त्याप्रमाणे हुकूम केला असेल, तर साधारणपणे रस्ता दरखास्तीचा. तडजोड लिहितानाच 'न्यायालयास हमी देतो' हे शब्द आणि हमीचं शपथपत्र मागून घ्या. एका ओळीचा फरक आहे, पण पुढे फार कामी येतो. लोकअदालतीचा निवाडा हुकूमनाम्यासारखा बजावता येतो.

१६. पोटगीचा आदेश पुण्याच्या कोर्टाचा आहे आणि नवरा इंदूरला राहतो. कुठे जायचं?

इंदूर-पुणे सोयरिकी भरपूर, म्हणून हा प्रश्न दर महिन्याला येतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खालची (आधीचं कलम १२५) पोटगी असेल तर कलम १४७ प्रमाणे नवरा जिथे असेल तिथल्या मॅजिस्ट्रेटकडे वसुली मागता येते. म्हणजे इंदूरला. आदेशाची नक्कल आणि न मिळालेल्या रकमेचा महिनावार तक्ता लागेल.

इथे एक वर्षाची निराळी मुदत आहे: रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज व्हायला हवा. थकबाकी साचू देऊ नका, दर चार-सहा महिन्यांनी अर्ज करा. न देणाऱ्याला दर थकीत महिन्यासाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते, आणि तुरुंगात जाऊन आल्याने रक्कम फिटत नाही. ती देणं राहतंच. ४ नोव्हेंबर २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालानंतर पोटगीचा आदेश पैशाच्या हुकूमनाम्यासारखाही बजावता येतो. पगारदार नवरा असेल तर पगारजप्ती मागा.

घटस्फोटाच्या दाव्यातली पोटगी असेल तर पुण्याच्या कोर्टाकडून हुकूम बजावणीसाठी इंदूरला वर्ग करून घ्यावा लागतो. अवमानच करायचा म्हटलं तर पुण्याचं कोर्ट मुंबई उच्च न्यायालयाखालचं. याचिका तिथे, इंदूरला नाही. कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचा संरक्षण आदेश मोडणं हा स्वतंत्र गुन्हा आहे: एक वर्षापर्यंत कैद किंवा २०,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

१७. मुलाला भेटू देत नाहीत, आदेश असूनही.

प्रत्येक चुकलेल्या भेटीची नोंद ठेवा: तारीख, ठरलेली वेळ, तुम्ही ठरल्या जागी होतात याचा पुरावा, आलेला संदेश. एका चुकलेल्या रविवारावर कोर्ट अवमान करत नाही. सलग पाच-सहा झाले, की आधी त्याच कुटुंब न्यायालयात अंमलबजावणीचा आणि भरपाईच्या भेटींचा अर्ज करा. आदेश ढोबळ असेल ('सुट्टीत भेट द्यावी') तर त्याच अर्जात जागा, वेळ आणि ने-आण कोण करणार हे ठरवून घ्या. मूल जायला तयार नाही असा बचाव आला तर समुपदेशकांचा अहवाल मागणं दोघांपेक्षा मुलाच्या भल्याचं असतं.

१८. ग्राहक आयोगाचा किंवा रेराचा आदेश बिल्डर पाळत नाही.

हायकोर्टात जाऊ नका. ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ मध्ये कलम ७१ ने बजावणी होते, कलम ७२ ने शिक्षा: एक महिन्यापासून तीन वर्षांपर्यंत कैद, किंवा २५,००० ते १ लाख रुपये दंड, किंवा दोन्ही. रेराची रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते. वसुली प्रमाणपत्र निघालं की काम संपत नाही. ते ज्या तहसिलीत गेलं तिथे दर पंधरा दिवसांनी चौकशी करा आणि बिल्डरच्या मिळकतींची यादी तुम्हीच पुरवा.

१९. घर पाडण्याची नोटीस आली आहे. यात अवमानाचा काय संबंध?

१३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पाडकामाबद्दल देशभरासाठी निर्देश दिले: किमान १५ दिवसांची कारणे दाखवा नोटीस, म्हणणं मांडायची संधी, कारणांसह आदेश, आणि त्यानंतरही १५ दिवस. हे मोडणाऱ्या अधिकाऱ्यावर अवमानाची कारवाई होऊ शकते, आणि बांधून देण्याचा खर्च त्याच्याकडून वसूल होऊ शकतो. रस्ता, फूटपाथ, रेल्वे हद्द, नदी-तलाव यांवरची अतिक्रमणं, आणि कोर्टानेच पाडायला सांगितलेलं बांधकाम, यांना हे संरक्षण नाही. नोटिशीचा लिफाफा फेकू नका. तारखेचा शिक्का त्याच्यावर असतो.

२०. माझ्यावरच अवमानाची नोटीस आली. काय करू?

पेशी चुकवू नका; चुकली तर वॉरंट निघतं. आदेश पाळणं शक्य असेल तर आधी पाळा, मग शपथपत्र लिहा. 'अमुक तारखेला अमुक क्रमांकाने रक्कम जमा केली' हे वाक्य पाच पानी सफाईपेक्षा जास्त ऐकलं जातं. उशीर झाला असेल तर कारण तारखांसह द्या. पालनाला वेळ हवा असेल तर मूळ मुदत संपण्याआधीच मुदतवाढीचा अर्ज करणं हा खरा मार्ग. आता उशीर झाला असला तरी तो लगेच करा.

माफी मागायची असेल तर पहिल्या पेशीलाच, बिनशर्त, आणि पालनासोबत. माफी सशर्त आहे एवढ्यावरून प्रामाणिक माफी नाकारू नये असं कायदा म्हणतो, पण 'चूक झाली असल्यास' असल्या भाषेने कोणाचंच भलं होत नाही. पालन न करता नुसती माफी सहसा स्वीकारली जात नाही.

'आदेशच चुकीचा आहे' हा बचाव इथे चालत नाही. तो रद्द होईपर्यंत पाळायचा, आणि कोर्टाला अधिकारच नव्हता असं पुढे ठरलं तरी तोवरच्या अंतरिम आदेशाचा भंग माफ होत नाही. वकिलांनी सांगितलं म्हणून पाळला नाही, हेही उत्तर नव्हे.

२१. निकालावर फेसबुकवर टीका केली तर अवमान होतो का?

निकाली निघालेल्या प्रकरणावर न्याय्य टीका हा अवमान नाही, आणि सुनावणीचं खरं वृत्त देणंही नाही. लोकहितासाठी आणि प्रामाणिकपणे मांडलेलं सत्य हा बचाव २००६ पासून कायद्यात आहे. न्यायाधीशांनी पैसे घेतले असा निराधार आरोप, साक्षीदाराला धमकी, चालू खटल्यावर दबाव, हे मात्र अवमानात जातं. खासगी माणसाला फौजदारी अवमानाची याचिका करायची तर महाधिवक्त्यांची लेखी संमती लागते. आपल्या चालू केसबद्दल काहीही पोस्ट करू नका, एवढाच आमचा सल्ला.

२२. 'अर्जावर निर्णय घ्या' असा आदेश होता. त्यांनी अर्जच फेटाळला. अवमान ना?

दुर्दैवाने नाही. कोर्टाने निर्णय घ्यायला सांगितलं होतं, तो त्यांनी घेतला. निर्णय चूक असला तरी ते नवं कारण ठरतं आणि त्याला नव्या याचिकेने आव्हान द्यावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने जे. एस. परिहार प्रकरणात (१९९६) हेच म्हटलं. पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचं म्हणजे मनस्ताप होतो, ते समजतं. म्हणून मूळ याचिकेच्या सुनावणीतच 'अमुक निकालाच्या प्रकाशात, कारणांसह निर्णय घ्यावा' अशी ओळ वकिलांना मागायला सांगा. मग त्या निकालाकडे डोळेझाक करून फेटाळलं तर तुमच्या हाती काहीतरी राहतं.

२३. माझी अवमान याचिका बंद केली. अपील करता येतं का?

कलम १९ चं अपील शिक्षा झालेल्यासाठी आहे: एकल न्यायाधीशांनी शिक्षा दिली तर ३० दिवसांत द्विसदस्यीय पीठाकडे, द्विसदस्यीय पीठाने दिली तर ६० दिवसांत सर्वोच्च न्यायालयात. याचिका बंद झालेल्या अर्जदाराला हे अपील नाही. त्याला संविधानाच्या कलम १३६ खाली सर्वोच्च न्यायालयाचं दार उरतं. पण बंद करतानाचा आदेश नीट वाचा. 'पालन झाल्याचं म्हटल्याने बंद, पालन खोटं निघाल्यास पुन्हा येण्याची मुभा' अशी ओळ अनेकदा असते, आणि मग नव्याने अपिलाची गरजच नसते.

२४. वकील परवडत नाही. काही सोय आहे का?

महिला, मुलं, अनुसूचित जाती-जमाती, औद्योगिक कामगार, अपंग आणि कोठडीतल्या व्यक्तींना उत्पन्न न पाहता मोफत विधी सहाय्य मिळतं; इतरांना उत्पन्नाच्या मर्यादेत. हायकोर्टासाठी उच्च न्यायालय विधी सेवा समिती, जिल्ह्यासाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरण, हेल्पलाइन १५१००. अर्ज करताना एक वर्षाची तारीख (प्रश्न ७) लाल शाईने वरच लिहा, म्हणजे वकील नेमण्यातच मुदत जाणार नाही.

स्वतः बाजू मांडायलाही परवानगी मिळू शकते. केसची पुढची तारीख ई-कोर्ट्स ॲपवर सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक टाकून पाहता येते. तो क्रमांक फाइलच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा आणि घरातल्या आणखी एकाला द्या.